स्त्रीची तक्रार आणि मनोविकारशास्त्राची परिभाषा : विक्रम पटेल यांच्या संशोधनाचा भाषिक परामर्श

१

मनोविकारशास्त्र हे वैद्यकाच्या इतर शाखांहून एका बाबतीत मूलतः वेगळे आहे. क्षयाचे निदान थुंकीच्या परीक्षेने करता येते, अस्थिभंग क्ष-किरणांच्या छायाचित्रात दिसतो. मनाच्या व्याधीचे निदान मात्र मुख्यत्वे रुग्णाच्या बोलण्यावरूनच करावे लागते. रुग्णाचे वाक्य हाच तेथे पहिला पुरावा होय. ते वाक्य कोणत्या भाषेत उच्चारले गेले, कोणी ऐकले, कोणत्या परिभाषेत उतरवून घेतले आणि त्या उतरवण्यात काय राहिले व काय गळाले, हे प्रश्न म्हणूनच केवळ वैद्यकाचे राहत नाहीत; ते भाषाशास्त्राच्या कक्षेत येतात.

बोलणारी व्यक्ती स्त्री असली म्हणजे हा प्रश्न अधिक बिकट होतो. नागपूरचे मनोरुग्णालय १८६४ साली स्थापन झाले. अशा संस्थांत पुढे १९१२ च्या कायद्यानुसार प्रवेश होऊ लागले, तेव्हा नातेवाइकांचा अर्ज, वैद्यांचे दाखले आणि दंडाधिकाऱ्याचा हुकूम ही त्या प्रवेशाची एक प्रमुख वाट होती. या वाटेने येणाऱ्या स्त्रीविषयी कागदावर जे लिहिले जाई ते इतरांचे कथन असे. हा कायदा १९८७ च्या आणि पुढे २०१७ च्या कायद्याने मागे पडला. परंतु रुग्णालयाच्या दारापर्यंत कधीच न पोचणाऱ्या, घरकाम, मोलमजुरी आणि बाळंतपणे सांभाळीत राहणाऱ्या बहुसंख्य स्त्रियांचे मनोदुःख कोणत्या शब्दांत व्यक्त होते, हा प्रश्न त्या कायद्यांच्या कक्षेबाहेरच राहिला. त्या प्रश्नाचा पद्धतशीर पाठपुरावा ज्या थोड्या भारतीय मनोविकारतज्ज्ञांनी केला, त्यांत विक्रम पटेल यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागते.

पटेल यांचा जन्म १९६४ साली मुंबईत झाला. वैद्यकीय शिक्षणानंतर ऱ्होड्स शिष्यवृत्तीवर ते ऑक्सफर्ड येथे गेले, झिंबाब्वेतील संशोधनावर लंडन विद्यापीठाची डॉक्टरेट मिळविली आणि १९९६ साली काही सहकाऱ्यांसह गोव्यात ‘संगथ’ या संस्थेची स्थापना केली. लंडन व नंतर हार्वर्ड येथे त्यांनी अध्यापन केले. त्यांचे सर्वच लेखन स्त्रियांविषयी आहे असे नव्हे. तथापि गोव्यातील त्यांच्या संशोधनाचा सर्वांत सकस भाग स्त्रियांच्या मानसिक आरोग्याविषयी आहे, आणि येथे तोच विचारात घेतला आहे. या कार्याचे मोल त्याने स्त्रियांच्या शारीरिक तक्रारींचे जे वाचन केले त्यात आहे; त्याची मर्यादा, ते वाचन पुन्हा प्रश्नावलीच्या साच्यात घालताना वाक्याचे व्याकरण जे निसटले त्यात आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

२

पटेल यांची दृष्टी घडली ती गोव्यात नव्हे, हरारेमध्ये. १९९० नंतरच्या दशकाच्या पूर्वार्धात ते झिंबाब्वेत गेले ते एक गृहीत मनात धरून. पाश्चात्त्य मनोविकारशास्त्र ज्यास नैराश्य म्हणते ते दरिद्री देशांत दैन्य आणि अन्याय यांची स्वाभाविक प्रतिक्रिया असावी, आजार नव्हे, असे ते गृहीत होते. पारंपरिक उपचारकांशी आणि आरोग्यसेवकांशी झालेल्या चर्चांत त्यांच्या कानी शोना भाषेतील ‘कुफुंगिसिसा’ हा शब्द आला. त्याचा अर्थ ‘अतिविचार करणे’. या शब्दाभोवती वर्णिली जाणारी लक्षणे वैद्यकीय ग्रंथांतील नैराश्य व चिंता यांच्याशी इतकी जुळणारी होती की पटेल यांस आपले मूळ गृहीत सोडावे लागले. त्यानंतर शोना बोलीतील लक्षणवाचक शब्द गोळा करून त्यांनी १४ प्रश्नांची प्रश्नावली तयार केली.

येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. या शब्दात ‘कु’ हा भाववाचक क्रियारूपाचा पूर्वप्रत्यय आहे, ‘फुंग’ हा विचार करण्याचा धातू आहे आणि त्यापुढील ‘इसिस’ हा आधिक्यवाचक प्रत्यय आहे. म्हणजे शोना भाषिक आपले दुःख एका क्रियेच्या रूपात सांगतो. ती क्रिया प्रमाणाबाहेर घडते एवढाच दोष. पटेल यांनी या शब्दाचा अर्थ नेमका टिपला. तथापि त्याच्या रचनेचा विचार त्यांच्या विवेचनात मध्यवर्ती झाला नाही, आणि ही उणीव पुढील कार्यातही दिसून येते.

३

गोव्यातील अभ्यासांत स्त्री हा विषय स्पष्टपणे पुढे आला. १९९९ साली पटेल व त्यांचे सहकारी यांनी भारत, झिंबाब्वे, चिली व ब्राझील या चार देशांतील पाहण्यांची तुलना प्रसिद्ध केली. तीत स्त्रीत्व व दारिद्र्य यांचा नैराश्य-चिंतादी सामान्य मनोविकारांशी असलेला संबंध दाखविला होता. २००२ साली मर्लिन रॉड्रिग्ज आणि नंदिता डिसोझा यांच्यासह केलेला प्रसूतिपश्चात नैराश्याचा अभ्यास प्रसिद्ध झाला. गोव्यातील एका जिल्हा रुग्णालयात २७० गर्भवती स्त्रियांची नोंद करून त्यांचा बाळंतपणानंतरही मागोवा घेण्यात आला. प्रसूतीनंतर सहा ते आठ आठवड्यांनी २३ टक्के मातांत नैराश्य आढळले. त्यांपैकी ७८ टक्के मातांना मानसिक त्रास गर्भारपणातच सुरू झाला होता. आर्थिक विपन्नता व बिघडलेला वैवाहिक संबंध ही कारणे ठळक होतीच. पण जन्मलेले मूल मुलगी आहे की मुलगा यावर नवऱ्याची मारहाण व उपासमार यांच्या परिणामाची तीव्रता बदलते, हे या अभ्यासाचे विशेष निरीक्षण होय. २००३ साली १७१ बालकांच्या अभ्यासात मातेचे नैराश्य आणि सहाव्या महिन्यातील बालकाचे कमी वजन व खुंटलेली वाढ यांचा संबंध दिसून आला. मातेच्या मनाचा प्रश्न बालकाच्या तराजूवर मोजता येतो, ही गोष्ट आरोग्यव्यवस्थेस पटण्याजोगी होती.

परंतु भाषिक दृष्टीने याहून मोलाचा अभ्यास २००५ व २००६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लेखांचा आहे. १८ ते ५० वयाच्या ३००० स्त्रियांची निवड करून त्यांपैकी २४९४ जणींची पाहणी करण्यात आली. या पाहणीतून तीन निष्कर्षमालिका निघाल्या. नैराश्य-चिंतादी विकारांचे प्रमाण ६.६ टक्के होते. दीर्घकाळ थकवा येत असल्याची तक्रार १२.१ टक्के स्त्रियांची होती. आणि अंगावरून पांढरे जाण्याची तक्रार १४.५ टक्के स्त्रियांनी केली. थकव्याचा संबंध रक्तातील हिमोग्लोबिनच्या प्रमाणाशी आढळला नाही. विपन्नता, मानसिक अस्वास्थ्य आणि स्त्री म्हणून वाट्याला आलेली दुरवस्था यांच्याशी आढळला. पांढरे जाण्याच्या तक्रारीचा संबंध जंतुसंसर्गापेक्षा मनोसामाजिक घटकांशी अधिक दृढ निघाला.

याचा व्यावहारिक अर्थ गंभीर आहे. प्रयोगशाळेची सोय नसलेल्या आरोग्यकेंद्रांत केवळ लक्षण ऐकून औषध देण्याची पद्धत होती. स्त्रीने पांढरे पाणी जाते असे सांगितले की जंतुनाशकाच्या गोळ्या हाती पडत. थकवा येतो म्हटले की लोहाच्या. तिचे वाक्य अक्षरशः खरे मानले जाई आणि तरीही तिचे म्हणणे ऐकले जात नसे. वाच्यार्थ घेतला जाई, वक्त्याचा अभिप्राय सुटे. पटेल व सहकाऱ्यांनी दाखविले ते एवढेच की या वाक्यांना वाच्यार्थापलीकडे एक अभिप्राय असतो, आणि तो व्यक्तिगत लहर नसून मोजून सिद्ध करता येणारी गोष्ट आहे. आपल्या साहित्यशास्त्रातील व्यंजनेचा विचार ज्यांस परिचित आहे त्यांस हे तत्त्व नवे वाटणार नाही. वैद्यकाच्या क्षेत्रात त्याला आकड्यांचा आधार मिळाला, हे नवे होते.

४

या वाचनावर एक सबळ आक्षेप संभवतो, आणि तो विदर्भातूनच निघतो. राणी बंग व अभय बंग यांनी गडचिरोली जिल्ह्यातील वासा व अमिर्झा या गावांतील ६५० स्त्रियांची तपासणी करून १९८९ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. ९२ टक्के स्त्रियांना एक वा अनेक स्त्रीरोग होते, आणि त्यापूर्वी तपासणी झालेल्या स्त्रिया अवघ्या ८ टक्के होत्या. या अभ्यासाचा संदेश स्पष्ट होता : खेड्यातील स्त्रीची तक्रार शरीराची आहे, खरी आहे, आणि ती कोणी पाहिलेली नाही. मग गोव्यातील अभ्यास तीच तक्रार मनाकडे वळवितो तेव्हा, महत्प्रयासाने मान्य झालेले शारीरिक दुःख पुन्हा ‘मनाचे खेळ’ म्हणून बाजूस सारले जाण्याचा धोका नाही काय?

धोका आहे, हे मान्य केले पाहिजे. परंतु दोन गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात. एक, गोव्यातील संशोधकांनी शरीराची तपासणी टाळून मनाचा निष्कर्ष काढला नाही. संसर्गाच्या प्रयोगशालेय परीक्षा आणि रक्ताची तपासणी करून मगच तो काढला. व्यंजनेचा दावा करण्यापूर्वी वाच्यार्थ तपासून पाहण्याची शिस्त त्यांनी पाळली. दोन, गडचिरोलीच्या अभ्यासातच असे दिसले की रोग असूनही तक्रार न करणाऱ्या स्त्रिया मोठ्या संख्येने होत्या. म्हणजे रोग आणि तक्रार यांचे नाते एकास एक असे नाही, हे दोन्ही अभ्यास आपापल्या बाजूने सांगतात. एक निःशब्द रोगाकडे बोट दाखवितो, दुसरा रोगाविना उमटलेल्या शब्दाकडे. बंग दांपत्याने पुढे पांढरे पाणी या तक्रारीविषयी स्त्रियांच्या स्वतःच्या कल्पनांचाही अभ्यास केला, आणि राणी बंग यांच्या ‘कानोसा’ या मराठी पुस्तकात स्त्रियांच्या बोलण्यासच प्राधान्य आहे. मुंबईतील झोपडवस्तीतील स्त्रियांचा ‘अशक्तपणा’ हा शब्द केंद्रस्थानी ठेवून राधिका रामसुब्बन व भंवर ऋष्यशृंग यांनी केलेला अभ्यास, तसेच शुभांगी पारकर व सहकाऱ्यांचा मालवणी वस्तीतील २००३ चा अभ्यास याच दिशेचे होत. पटेल यांचे कार्य एकाकी नाही. ज्या परंपरेत ते बसते ती ऐकण्याची परंपरा आहे. त्यांनी तिला आकडेवारीची बैठक दिली.

५

आता मर्यादेकडे वळावयाचे. ऐकलेले बोलणे मोजावयाचे झाले की ते प्रश्नावलीत घालावे लागते. गोव्यातील मातांसाठी एडिंबरो प्रसूतिपश्चात नैराश्य मापिकेचे कोंकणी रूप वापरण्यात आले. १९८७ साली ब्रिटनमध्ये तयार झालेल्या या मापिकेत दहा विधाने आहेत, आणि त्यांत बोलणारी माता बहुधा कर्त्याच्या स्थानी असते : ती हसू शकते वा शकत नाही, स्वतःस दोष देते, रडते. अशा मापिकांचे भाषांतर शब्दशः अचूक असले तरी एक अडचण उरतेच, व ती शब्दांची नसून वाक्यरचनेची आहे.

मराठीत व कोंकणीत मनोदशा आणि देहदशा यांचे वर्णन अनुभव घेणाऱ्या व्यक्तीस चतुर्थीत ठेवून केले जाते. प्रमाण मराठीत ‘मला’, नागपुरी-वऱ्हाडीत ‘मले’, कोंकणीत ‘म्हाका’. ‘मला थकवा येतो’, ‘मला झोप लागत नाही’, ‘डोक्यात विचार येतात’, ‘जीव घाबरतो’, ‘मन लागत नाही’. यांपैकी एकाही वाक्यात बोलणारी स्त्री व्याकरणदृष्ट्या कर्ता नाही. येणारा थकवा आहे, लागणारी झोप आहे, घाबरणारा जीव आहे. ती स्वतः या घटनांचे स्थान आहे. राजेश्वरी पंढरीपांडे यांनी १९९० साली प्रसिद्ध केलेल्या लेखात मराठीतील या रचनेचे सविस्तर विवेचन केले आहे. या रचनेवरून स्त्रियांच्या पराधीनतेविषयी घाईने निष्कर्ष काढणे योग्य होणार नाही, कारण पुरुषही याच रचनेत बोलतात. परंतु हिचा एक परिणाम निर्विवाद आहे : अनुभव सांगताना त्याचे कारण किंवा करविता सांगण्याची सक्ती ही रचना करीत नाही. शोना भाषिक अतिविचार ‘करतो’. मराठी स्त्रीस विचार ‘येतात’. पहिल्यास ‘विचार करू नकोस’ असे सांगता येते. दुसरीस तो उपदेश तिच्या वाक्याबाहेरचा वाटतो.

याहूनही महत्त्वाचा भेद शक्य क्रियापदांचा आहे, ज्यांची दखल मो. के. दामले यांच्या १९११ च्या ‘शास्त्रीय मराठी व्याकरणा’पासून घेतली गेली आहे. ‘मी काम करू शकत नाही’ आणि ‘मला काम करवत नाही’ ही वाक्ये इंग्रजीत सहसा एकाच वाक्याने सांगितली जातील. मराठीत ती एक नव्हेत. पहिल्यात अशक्यतेचे कारण बाहेरचे असू शकते : वेळ नाही, साधन नाही, घरातून मनाई आहे. दुसऱ्यात अडथळा आतला आहे. हातपाय आहेत, काम समोर आहे, तरी ते हातून होत नाही. ‘बघवत नाही’, ‘उठवत नाही’, ‘जेववत नाही’ ही रूपे मराठीने या आतल्या असमर्थतेसाठीच राखून ठेवली आहेत. नैराश्याचे लक्षण शोधणाऱ्यास नेमका हाच भेद हवा असतो. भाषांतरित प्रश्नावलीत ‘शकत नाही’ हे सोयीचे रूप आले, की सासऱ्यांपुढे मोठ्याने हसण्याची मुभा नसलेली सून आणि जिला हसवतच नाही अशी सून एकाच उत्तरावर खूण करतील. पहिलीचा प्रश्न घराचा आहे, दुसरीचा उपचाराचाही. जी गोष्ट भाषेने आयती वेगळी करून दिली होती, ती मापिकेने एकत्र केली असे होईल.

‘टेन्शन’ हा शब्द येथे उद्बोधक ठरतो. ‘घरी टेन्शन आहे’ आणि ‘मला टेन्शन येतं’ ही दोन्ही वाक्ये आज सर्रास ऐकू येतात. एकच शब्द पहिल्यात परिस्थितीचे नाव आहे, दुसऱ्यात मनोदशेचे. ‘नैराश्य’ हा पारिभाषिक शब्द केवळ मनोदशा सांगतो. परिस्थिती त्याच्या बाहेर राहते. २००७ साली गोव्यातील नैराश्यग्रस्त स्त्रियांच्या मुलाखतींवर पटेल यांच्या सहकाऱ्यांनी प्रसिद्ध केलेल्या लेखात हेच प्रत्ययास येते. त्या स्त्रियांनी अंगदुखी, निद्रानाश इत्यादी लक्षणे सांगितली, कारण म्हणून पैशाची ओढ आणि संसारातील कलह सांगितले. आपणांस आजार आहे ही कल्पना मात्र त्यांच्या बोलण्यात क्वचितच आली. पुण्याच्या भार्गवी दावर (निधन २०२४) यांनी १९९९ च्या आपल्या ग्रंथात भारतीय स्त्रियांच्या मनःस्वास्थ्याचा स्त्रीवादी दृष्टीने जो विचार मांडला, त्याचा रोख याच ठिकाणी आहे : सामाजिक कारणांचे दुःख वैद्यकीय नावाखाली गेले म्हणजे कारणाची जबाबदारी कोणावर राहते?

६

पटेल यांस या आक्षेपाची जाणीव नव्हती असे म्हणता येणार नाही. २०१४ सालच्या एका लेखात त्यांनी मनोविकारांवरील उपचारांच्या तुटवड्याचे एक कारण विश्वासार्हतेतील दरी हे दिले. तज्ज्ञ ज्या संकल्पनांनी दुःख ओळखतात आणि लोक ज्या संकल्पनांनी ते जगतात, त्यांतील अंतर म्हणजे ही दरी. त्यांचे प्रत्यक्ष कार्यक्रमही हे अंतर कमी करण्याकडे झुकलेले दिसतात. २०१० साली प्रसिद्ध झालेल्या ‘मानस’ या गोव्यातील चाचणीत २४ आरोग्यकेंद्रे व २७९६ रुग्ण होते. समुपदेशनाचे काम वैद्यकीय पार्श्वभूमी नसलेल्या, अल्पकाळ प्रशिक्षित स्थानिक स्त्री-पदवीधरांकडे होते. सरकारी केंद्रांत सहा महिन्यांनी बरे झालेल्यांचे प्रमाण ६५.९ टक्के होते, तर नेहमीचेच उपचार मिळालेल्यांत ते ४२.५ टक्के, खाजगी दवाखान्यांत असा फरक दिसला नाही. रुग्णाची भाषा बोलणारी व्यक्ती तिच्यासमोर बसविली गेली, ही या प्रयोगातील भाषाभ्यासकाच्या दृष्टीने सर्वांत अर्थपूर्ण बाब होय.

विदर्भात याच विचाराचा विस्तार ‘विश्राम’ या कार्यक्रमात झाला. संगथ, नागपूरची प्रकृती ही संस्था आणि वॉटरशेड ऑर्गनायझेशन ट्रस्ट यांनी अमरावती जिल्ह्यातील ३० खेड्यांत तो राबविला. राहुल शिधये व सहकाऱ्यांनी २०१७ साली प्रसिद्ध केलेल्या निष्कर्षांनुसार नैराश्य असलेल्यांपैकी उपचार घेणाऱ्यांचे प्रमाण ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेले, आणि आत्महत्येचे विचार येणाऱ्यांचे प्रमाण ५.२ वरून २.५ टक्क्यांवर आले. तुलनेसाठी कार्यक्रमाबाहेरची गावे नसल्याने सर्व श्रेय कार्यक्रमास देता येणार नाही. तरीही नावाची निवड सूचक आहे. इंग्रजी नावाच्या आद्याक्षरांतून जुळविलेला हा शब्द ‘आजार’ म्हणत नाही, ‘विसावा’ म्हणतो. आणि थकव्याची तक्रार घेऊन येणाऱ्या स्त्रीस आपल्या वाक्याचे उत्तर त्यात ऐकू येते.

या प्रश्नात काय पणाला लागले आहे ते पटेल यांच्याच २०१२ च्या राष्ट्रीय अभ्यासाने दाखविले. २०१० साली देशात १५ वर्षांवरील सुमारे १,८७,००० व्यक्तींनी आत्महत्या केल्याचा त्यात अंदाज होता. पुरुषांच्या आत्महत्यांपैकी ४० टक्के १५ ते २९ या वयोगटातील होत्या. स्त्रियांच्या बाबतीत हे प्रमाण ५६ टक्के होते. म्हणजे मरण पावणाऱ्या स्त्रियांत अर्ध्याहून अधिक तरुण होत्या. त्यांच्यापैकी कितीजणींनी त्यापूर्वी ‘करवत नाही’ असे कोणास सांगितले असेल आणि ते कामचुकारपणा म्हणून ऐकले गेले असेल, हे कोणत्याही तक्त्यात येत नाही.

७

समारोप करताना असे म्हणता येईल की विक्रम पटेल यांच्या कार्याने स्त्रीच्या तक्रारीस पुराव्याचा दर्जा मिळवून दिला. शरीराची भाषा ही अज्ञानाची खूण नसून दुःख सांगण्याची एक सुसंगत रीत आहे, हे त्यांनी वैद्यकाच्या मान्य पद्धतीने सिद्ध केले. आणि ती रीत समजणारी माणसे तिच्या गावातच तयार करता येतात, हे प्रयोगाने दाखविले. जे राहिले ते शब्दाकडून वाक्याकडे जाण्याचे काम. लक्षणवाचक शब्द गोळा करणे ही पहिली पायरी होती. ज्या विभक्तीत, ज्या क्रियापदात आणि ज्या प्रयोगात ते शब्द उच्चारले जातात, त्यांचा विचार करून मराठीत मापिका घडविणे ही पुढची होय.

हे काम एकट्या मनोविकारशास्त्राचे नाही, आणि भाषाशास्त्राने त्याची वाट पाहत बसण्याचेही कारण नाही. चतुर्थीच्या रचनेवर आणि शक्य क्रियापदांवर मराठीच्या अभ्यासकांनी शतकभर जे लिहिले आहे ते बव्हंशी व्याकरणाच्या वर्गातच राहिले. ‘मले उठवत नाही’ असे सांगणारी स्त्री आरोग्यकेंद्रात येते, तेव्हा त्या ‘मले’चे आणि त्या ‘वत’चे मोल ओळखणारा कोणीतरी प्रश्नावली घडविताना उपस्थित असणे, हा त्या सर्व विवेचनाचा याहून अधिक सार्थ उपयोग होईल.